थिजदरीतला एक शब्द

माझी शाळा लवकर सुटली. त्यामुळे लिहिताना ऱ्हस्व-दीर्घ चुकतील आणि शब्दही साधेच येतील. सांभाळून घ्या.

"माझ्या आईला इतकी वर्षं तुम्ही खोटं का सांगितलंत?" मी विचारलं.

साबाजीबुवा खिडकीपाशी बसले होते. त्यांनी मान वर केली नाही.

मी सहसा बोलत नाही. चार माणसांत तर स्वतःचं नावही पुटपुटतो. त्या दुपारी मात्र नमस्कारही न करता मी गुरूंवर ओरडलो.

आमची वेधशाळा थिजदरीच्या कड्यावर आहे. वर आमच्याकडे काळ पाण्यासारखा वाहतो. दरीत उतरावं तसा तो घट्ट होतो, आणि तळाशी अगदी काकवीसारखा. खाली गेलेला माणूस चार पावलं टाकतो, तोवर वरचं तान्हं पोर बाप झालेलं असतं. हा घट्ट काळ वर चढू लागला तर गाव हलवावं लागेल, म्हणून आम्ही त्याच्यावर नजर ठेवतो. काळ स्वतः दिसत नाही. खाली गेलेली माणसं दिसतात. ती किती हळू हलतात ते दुर्बिणीतून बघायचं.

जाणारे काही कमी नाहीत. तिथं म्हातारपण येत नाही, म्हणून जातात.

माझा थोरला भाऊ हैबती तसाच गेला. तेव्हा मला नीट बोलताही येत नव्हतं. उतारावरच्या वळणाशी तो थांबला, मागे वळला, आणि त्याचे ओठ हलू लागले. ते अजून हलत होते. मोठा झाल्यावर मी वेधशाळेत आलो आणि ते ओठ वाचले. 'येतो.' तो एवढा एकच शब्द म्हणत होता. माझ्याइतके ओठ कुणाला वाचता येत नाहीत, याचा मला ताठा होता.

आता मी त्याच्याहून वयानं मोठा आहे. तरी तो दादाच.

आई रोज संध्याकाळी बुवांना गावात गाठून विचारायची, "अजून म्हणतोय ना?"

बुवा सांगायचे, "म्हणतोय." मग ती जेवायची. हल्ली ती अंथरुणाला खिळली होती. बुवा आमच्या घरी येऊन सांगून जायचे.

त्या दुपारी दादाचे ओठ मिटले. शब्द संपला. त्याचा एक पाय उचलला गेला होता, आणि त्या पायाची बोटं दरीच्या तळाकडे वळलेली होती.

"तो येत नाहीये," मी म्हणालो. "खाली चाललाय. तुम्हाला ठाऊक होतं."

"होतं."

"मग येतोय म्हणून का सांगत राहिलात?"

"येतोय असं मी कधी म्हणालो?"

माझं डोकं फिरलं. शब्दांचा खेळ करू नका, म्हणालो. दुसऱ्यांची पावलं बघत इथं सावलीत बसता आणि घरी झुरणाऱ्यांची थट्टा करता, ही वेधशाळा फोडून टाकली पाहिजे, असंही म्हणालो. दुर्बिणीच्या तिवईला लाथ मारली. ती डुगडुगली, पण पडली नाही.

बुवा उठले. आता त्यांचाही आवाज चढला.

"माझ्यावर राग आहे?"

"तुमच्यावरच."

"बरं आहे. मी उत्तर तरी देतो. त्याला शिवी दिलीस तर ती त्याच्या कानात शिरेपर्यंत तू मेलेला असशील... दे तरीपण. एकदा दे."

मी खिडकीकडे बघितलं. तोंड उघडलं. काही फुटेना.

बुवांनी काठी घेतली, उपरणं खांद्यावर टाकलं आणि उंबऱ्यात गेले.

"येतो," म्हणाले.

"बोलणं अर्धं टाकून कुठे चाललात?" मी ओरडलो.

ते थांबले.

"चाललो असं कोण म्हणालं?"

"आत्ता तुम्हीच..."

"मी काय म्हणालो?"

"येतो म्हणालात."

"मग कुठे चाललात, असं का विचारलंस?"

मी डुगडुगणारी तिवई सरळ करायला वाकलो.

"ओठ छान वाचतोस," बुवा म्हणाले. "बोलणं कळत नाही. आपल्यात घरातून निघणारा माणूस जातो म्हणतो का रे?"

माझे कान तापले. त्यांच्याकडे बघवेना.

"आणि आई?" मी कसंबसं विचारलं.

"तिला पहिल्या संध्याकाळीच कळलं."

"मग ती रोज विचारायची ते?"

"शब्द संपला का, ते विचारायची."

आज तिला काय सांगायचं, मी विचारलं. संपला म्हटलं तर घास घशाखाली उतरणार नाही तिच्या. तुम्हीच काहीतरी सांगा. आजचा दिवस तरी म्हणतोय म्हणा.

"आज मी येणार नाही," बुवा म्हणाले. "इतकी वर्षं मी सांगितलं. तुझा भाऊ आहे. तू सांग."

घरी गेलो. दिवा लागायच्या आधीच आईनं विचारलं. मी भिंतीकडे बघत म्हणालो, "संपला."

ती उठून बसली, आधार न घेता.

"एक शब्द बोलायला मेल्यानं माझा अख्खा जन्म खाल्ला," ती म्हणाली. बाबा वारले तेव्हासुद्धा तिचा असा आवाज मी ऐकला नव्हता. भाकरी मागितली. रागारागानं चावून खाल्ली. मग म्हणाली, उद्या मला वर ने.

वेधशाळेची पायरी ती कधी चढली नव्हती. मी तसं म्हटलं.

"तो म्हणत होता तोवर बघवलं नसतं," आई म्हणाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी तिला पाठीवर घेऊन कडा चढलो. बुवांनी तिवई तिच्या उंचीला खाली घेतली. तिनं डोळा लावला, लगेच काढला, पदरानं पुसला, घाईघाईनं पुन्हा लावला. डोळा भरून येत होता, आणि तेवढ्यात तो निघून जाईल अशी तिची धडपड चालली होती.

बुवांनी तिच्या पाठीमागे चौरंग सरकवला.

"सावकाश बघा बाई," ते म्हणाले. "त्याला काही घाई नाही."