ठमाईचा पहिला घास

तुमच्या पणज्याचा पणजा तेव्हा पाळण्यात तरी होता की नाही, देव जाणे. इतक्या मागची ही गोष्ट. सावरखोल तेव्हाही इथंच होतं, याच डोंगराच्या पोटाशी. घरं थोडी होती आणि माणसं काटक होती. आतासारखी घटकेघटकेला चहा मागणारी नव्हती. हसू नका, तुम्हालाच म्हणतेय.

त्या सावरखोलात ठमा नावाची बाई होती. गावपाटील बुधाजी, त्याची ही थोरली भावजय. नवरा लवकर गेला, पण ती सासर सोडून कुठं गेली नाही. म्हातारा सासरा राघोजी तिला लेकीसारखं वागवायचा. गावजेवण असलं की चुलीपाशी ठमाच. हाताला चव अशी की नुसत्या अंबाडीच्या भाजीवर माणसं बोटं चाटायची.

आणि तिला भूक फार! असं म्हणतात, ती भाकरी थापायला बसली की एक भाकर तव्यावर, एक हातात आणि एक तोंडात असायची. कालवणाची चव बघायची ती बोटभर नाही, चांगली वाटीभर. बायका तोंडावर म्हणायच्या, "मेली खादाड!" कारण तेव्हाची रीत तुम्हाला ठाऊक आहे, परगावी बऱ्याच घरी अजून आहेच. रांधायचं बाईनं आणि जेवायचं सगळ्यांच्या मागून, उरलंसुरलं. ठमाही मागूनच जेवायची. पण चव बघता बघता तिचं अर्धं जेवण उरकलेलं असायचं, एवढंच.

तर एका वर्षी नागली, म्हणजे तुमची नाचणी, अशी पिकली होती की बघत राहावं. कणसं वाकली होती, लोक विळे पाजळत होते. आणि दुपारचं ऊन एकाएकी मळकट झालं. लोकांना वाटलं ढग आला. ढग कसला, टोळ आले होते! ते उतरले आणि खाऊ लागले. नागली खाल्ली, वरई खाल्ली, झाडांचा पाला खाल्ला. असं म्हणतात, त्यांनी घरांच्या छपरांचं गवत खाल्लं आणि दोरीवर वाळत घातलेलं हिरवं लुगडंसुद्धा पान समजून खाल्लं. लुगड्याचं मी शपथेवर सांगणार नाही. पण टोळ उडून गेले तेव्हा उभ्या शेतात खायला एक दाणा उरला नव्हता, हे खरं.

गावात धान्य म्हणाल तर एका ठिकाणी होतं. बुधाजीच्या माळ्यावर, शेणानं लिंपलेल्या कणगीत, राख मिसळून ठेवलेलं गावाचं बी. पुढच्या पावसाळ्यात पेरायचं ते. सगळ्या गावाचं बी एकत्र ठेवायची इथं पद्धत होती. ती कणगी होती म्हणून सावरखोल होतं. ती रिकामी झाली की घरं सोडायची आणि वाट फुटेल तिकडं जायचं, दुसरं काय!

भूक लागली की माणूस जमिनीकडं बघतो. डोंगरात कडू कंद निघायचे, माणसाच्या डोक्याएवढे. तेही असे जहरी कडू की रानडुक्करसुद्धा हुंगून पुढं जायचं. म्हातारा राघोजी म्हणाला, "काळोबाच्या टाक्यात भिजवा. देवाचं पाणी माणसाचं पाप धुतं, कंदाचा कडूपणा न्हाई व्हय धुणार?"

सगळ्यांना पटलं. काळोबाचं टाकं म्हणजे कातळात खोदलेलं, थंडगार, हालत नाही की डुलत नाही असं पाणी. कंद कापून त्यात भिजत घातले, मग काढून ठमाला रांधायला दिले. तिनं उकडले, आणि सवयीनं एक चकती उचलली. तेवढ्यात बुधाजी ओरडला, "वयनी! देवाच्या पाण्यातलं हाय त्ये. उष्टं करताय व्हय? एक दिस तरी त्वांड आवरा!"

चारचौघांत असं बोलल्यावर काय करणार? ठमानं चकती परत ठेवली. आयुष्यात पहिल्यांदा तिनं चव बघितली नाही.

पानं वाढली. घास तोंडात गेला आणि सगळ्यांची तोंडं वाकडी झाली. पण बोललं कुणी नाही. प्रसादाला कडू कसं म्हणायचं? म्हातारा राघोजी सगळ्यात भाविक, त्यानं डोळे मिटून दुसऱ्यांदा मागून घेतलं. शेवटी ठमाची पाळी येईपर्यंत पहिली पंगत अंगणात पडून ओकत होती. बाकीचे कसेबसे उठले. राघोजी मात्र उठला नाही.

ठमानं छाती पिटली. "मामा, म्या चाखलं असतं तर ह्यो दिस आला नसता!" असं ती पुनःपुन्हा म्हणायची. लोकांनी उरलेले कंद पातेल्यांसकट नेले आणि ओढ्यात ओतले. त्या कंदाला पुन्हा कुणी हात लावायचा नाही, असं गावानं ठरवलं. आणि ठमाच्या हातचंही कुणी खायचं नाही, हे न बोलताच ठरलं.

त्यानंतर ती घरात बसेना. ओढ्यावर जाऊन बसायची. टोळ आले तरी ओढा वाहत होता, त्याला काय त्याचं? एक दिवस तिला दिसलं की दगडांच्या बेचक्यात कंदाच्या चकत्या अडकल्यात आणि खेकडे त्या मजेत कुरतडतायत. ठमा बघत राहिली. एक खेकडा खाऊन बिळात गेला, पुन्हा आला, पुन्हा खाऊ लागला. असं म्हणतात, ठमा त्या खेकड्याला म्हणाली, "मेल्या, तुला पचतंय आन् मला न्हाई व्हय?" तिनं त्याच्या नांगीतली चकती ओढून घेतली आणि जिभेवर ठेवली.

कडू नव्हती.

ठमाला आधी रडू आलं आणि मग भूक लागली. पण आता ती हावरटासारखी तुटून पडली नाही. तिनं ताजे कंद खणले, पातळ चकत्या केल्या, राख चोळली, उकडल्या, बांबूच्या पाटीत भरल्या आणि पाटी धारेखाली दगडानं दाबून ठेवली. मग काठावर बसून एकेक तुकडा जिभेला लावायचा आणि थुंकायचा. पुन्हा लावायचा, पुन्हा थुंकायचा. तोंड सोलून निघालं, ओठ सुजले. देवाचं पाणी एका जागी बसलं होतं, म्हणून कडूपणाही तिथंच बसला होता. ओढ्याचं पाणी पळत होतं, ते कडूपणा घेऊन पळालं. एवढी साधी गोष्ट, पण कुणाच्या तरी जिभेला सोसल्याशिवाय कळायची नाही.

आणि तुम्ही शहाणपणा करून रानातले कंद उकरायला जाऊ नका बरं का! एकेका घासासाठी माणसं गेलीत. अरे, आपण जे जे खातो, ते कुणीतरी कधीतरी पहिल्यांदा तोंडात घातलंच असेल ना? पहिलं वांगं कुणी खाल्लं असेल? तो चावत असेल आणि बाकीचे त्याच्या तोंडाकडं बघत बसले असतील. त्याचं नाव कुणी सांगू शकत नाही. आमच्या गावाला निदान एक नाव सांगता येतं.

इकडं गावात पोरं भुकेनं रडायचीही थांबली होती. न रडणारं पोर बघवत नाही. शेवटी बुधाजीनं कणगी माळ्यावरून खाली उतरवली. लोक अंगणात जमले. सुपं आली, जातं मांडलं. बुधाजीनं कणगीचं लिंपण फोडायला दगड उचलला, आणि तसाच धरून राहिला. बी दळलं की गाव संपलं, हे त्याला सगळ्यांपेक्षा जास्त कळत होतं.

तेवढ्यात ठमा आली, डोक्यावर पाटी घेऊन. पाटीतून पाणी ठिबकत होतं.

"भावजी, दगड खाली ठेवा," ती म्हणाली.

पाटीत काय आहे ते लोकांनी बघितलं आणि बायका किंचाळल्या. बुधाजी लाल झाला. "वयनी, माझा बाप खाल्लात, आता गाव खाताय व्हय?"

असं बोलायला नको होतं. पण बाप मेलेला माणूस बोलून जातो.  ठमा सगळ्यांच्या मधोमध मांडी घालून बसली आणि म्हणाली, "कुणी शिवू नका. आज आधी मी जेवनार."

आणि ती जेवली. अहाहा, काय जेवली! असं म्हणतात, सात पाट्या खाल्ल्या. मला विचाराल तर एकच होती, पण तीही काही थोडी नव्हती. उपाशी गाव गोल बसून तिचं तोंड हलताना बघत होतं. खाऊन झालं, तिनं ढेकर दिली, भिंतीला टेकली आणि डोळे मिटले.

लोक वाट बघत राहिले. सावली अंगणभर सरकली. ठमा हलेना. कुणीतरी हुंदका दिला. बुधाजीच्या हातातला दगड गळून पडला. त्यानं पुढं होऊन तिच्या नाकापाशी बोट धरलं.

ठमा खेकसली, "अवं, झोपू द्या की! पोट भरलं की झोप येती, इसरलात व्हय?"

 मग कोण आधी हसलं ते कुणालाच ठाऊक नाही, पण सगळं गाव हसलं, रडलं, पुन्हा हसलं. बुधाजी तिच्या पायाशी बसून पोरासारखा रडला. "चुकलो, वयनी," म्हणाला. ती म्हणाली, "रडताय काय, पाट्या आना." लोक धावले ओढ्याकडं.

त्या वर्षी सावरखोल कंदांवर जगलं. असं म्हणतात, ओढ्याचं पाणी इतकं कडू झालं की खालच्या गावचे लोक काठ्या घेऊन भांडायला आले आणि पोटभर जेवून, चार पाट्या घेऊन घरी गेले. पण रोज, प्रत्येक पाटीचा पहिला घास ठमा खायची. एकदा तिनं घास घेतला, तोंड पांढरं पडलं, आणि तिनं लाथेनं सगळी पाटी उलथवली. चकत्या धारेत कमी राहिल्या होत्या. त्या दिवशी गाव उपाशी झोपलं, पण सगळे सकाळी उठले.

पावसाळ्यात बी पेरलं. पीक आलं. नव्या नागलीची पहिली भाकर झाली तेव्हा ठमा सवयीनं मागं सरली, की आता काय, भाकरीत विष थोडंच असतंय! बुधाजीनं ताट तिच्यापुढं ठेवलं. "आधी तुमी," तो म्हणाला, "मग आमी." त्या दिवसापासून लोक तिला ठमाई म्हणू लागले. ती म्हातारी होऊन, पोटभर जेवून, दुपारच्या झोपेत गेली. त्या वेळीही लोकांनी संध्याकाळपर्यंत तिला हाक मारली नाही म्हणे. मागचा अनुभव होता ना.

तिचं देऊळ नाही, मूर्ती नाही. पण सावरखोलात आजही जो रांधतो तो आधी जेवतो. घरी चार माणसं असोत की लग्नाची पंगत असो, भरल्या पानावर सगळे हात बांधून बसतात आणि चुलीपाशी राबलेली बाई मधोमध बसून पहिली जेवते. पोटभर, सावकाश. परगावची लेक सून होऊन आली की पहिल्या दिवशी गोंधळते. माहेरी आईला भांड्याच्या तळाचं खरवडून खाताना बघितलेलं असतं तिनं. ताट पुढं आलं की तिच्या डोळ्यांत पाणी येतं, घास हातातच राहतो, खाली मान घालून ती नुसती बसून राहते. मग सासरा घसा खाकरतो आणि म्हणतो, "जेव गं पोरी, जेव. आम्हाला भुका लागल्यात."