दोन फुल्यांची फाईल

"...पण बाबा, फाईलच्या नावातल्या शेवटच्या दोन फुल्यांचा अर्थ काय घ्यायचा?"

नूरशहा फकीर माळावरच्या झोपडीपुढे शेळीला पाला घालत होते. त्यांनी मान वर केली नाही.

अभिनंदन चौगुले उभाच. बस म्हटलं तरी बसेना, पायाला जशी भिंगरी. पुण्यात त्याचा केवढा लौकिक! कसल्याही वेड्यावाकड्या नावाची फाईल द्या, नावावरूनच आतलं सांगायचा. या एका फाईलने मात्र त्याची झोप उडवली होती.

इंटरनेट नवं होतं तेव्हाची गोष्ट. सांगलीच्या सायबर कॅफेत, लाकडी खुराड्यात बसून तो चॅट करायचा. तिथे खरं नाव कोण सांगतंय? कुणी राजा, कुणी परी. त्याच्याशी बोलायची ती निळी चिमणी. वर्षभर बोलली. मग एसटी स्टँडवर चार वाजता भेटायचं ठरलं. ठरलेल्या दिवशी, संध्याकाळी तिची ही फाईल आली, आणि चिमणी पुन्हा चॅटवर दिसली नाही. ती फाईल त्याने फ्लॉपीवरून सीडीवर, सीडीवरून पेन ड्राइव्हवर, तान्ह्या लेकरासारखी जपत आणली होती.

"नावात चिमणी आहे, चार आहे, पुढे दोन फुल्या. चॅटवर फुली म्हणजे..." त्याचे कान लाल झाले. "म्हणजे मुका. नाहीतर मग तिने मला काट मारली. कोणतं खरं?"

"आत काय आहे?"

"उघडली नाही. आधी अर्थ कळू दे."

"इतकी वर्षं?"

अभिनंदन पेन ड्राइव्ह या हातातून त्या हातात करू लागला.

"भेट झाली?"

ती आली होती म्हणाला. निळी ओढणी घेऊन उभी होती. त्याने पानटपरीच्या आडून पाहिलं आणि तसाच मागे फिरला.

फकिरांनी हात पुढे केला. त्याने पेन ड्राइव्ह दिला. बाबांनी मूठ मिटली आणि पुन्हा शेळीकडे वळले.

"बाबा, द्या की परत."

"जिच्याकडून आली, तिने कुणाला धाडली होती?"

"डॉक्टर समीरला."

"त्याला येऊ दे. त्याच्या हातात देईन."

अभिनंदनने झोपडीला एक फेरी घातली, दुसरी घातली. मग मटकन खालीच बसला.

"असा कुणी नव्हताच, बाबा. चॅटवर मीच होतो तो. बारावीला दोनदा नापास झालेला पोरगा. काय तोंड दाखवणार होतो तिला?"

फकिरांनी मूठ उघडली, पेन ड्राइव्ह त्याच्या तळहातावर ठेवला.

"हे मला कशाला सांगतोस, बेटा?"