दर्भाचा कावळा

"सगळा जिल्हा म्हणतो, अण्णांना गुंडू बुरडानं मारलं. तुम्ही एकटेच गप्प का, बुवा?"

विचारणारा पानवलकर. मोठ्या खपाच्या पेपरचा संपादक. लहानपणी याच मठात काशिगिरी बुवांच्या पायाशी बसून बाराखडी गिरवली. आता खुर्चीशिवाय टेकत नाही.

आमदार अण्णा रणखांबे भरसभेत गोळी लागून गेले, त्यांचा तो दहावा. मठ घाटाला लागूनच.

"तुला कुणी सांगितलं?" बुवा म्हणाले.

"लोकांनी."

"आणि लोकांना?"

"मी!" छाती काढून म्हणाला. लाज नाही मेल्याला.

"पोलीस काय म्हणतात?"

"तपास चालू आहे म्हणतात. त्यांच्या भरवशावर बसलो तर पेपर निघायचा कधी?"

पायरीवर गुंडूची बायको सरू बसलेली. नवरा कोठडीत. घरावर दगड पडून गेले होते, आता पेटवायचंच, असं घाटावर उघड चाललं होतं. 

ऊन चढलं तरी पिंडाला कावळा शिवेना. सगळे कावळे जांभळीवर बसून राहिले.

अण्णांचा पोरगा म्हणाला, "अण्णा, तुमची शाळा पुरी करतो."

नाही.

कार्यकर्ते म्हणाले, "अण्णा, तिकीट घरातच ठेवू."

तरी नाही.

मग पानवलकर पुढं झाला. "अण्णा, गुंडूला फासावर चढवू!"

एका कावळ्यानं मान वळवून बघितलं... आणि चोच पिसांत खुपसली.

शेवटी भटजींनी रिवाजाप्रमाणं दर्भाचा कावळा वळला, पिंडाला टेकवला. सुटले सगळे. आंघोळीला पळाले.

पानवलकर फोनवर ओरडत होता, "घे मथळा! फाशीचं वचन दिलं, अन् कावळा शिवला!"

मग बुवांकडं वळला. "तुमचा शब्द लोक मानतात. एवढंच म्हणा, अण्णांचा आत्मा शांत झाला. पहिल्या पानावर घेतो."

सरूनं मान वर केली.

बुवा उठले. घाट उतरले. दहाव्याच्या वस्तूला कोण हात लावतो? बुवांनी लावला. तो दर्भाचा कावळा उचलला, पाणी झटकलं, आणि पानवलकरच्या तळहातावर ठेवून त्याची बोटं मिटवली.

पानवलकर हसला. "बुवा, हे तर गवत आहे."

"आत्ता आहे. उजाडलं, तुझा पेपर घरोघर गेला, की पेटून सरूच्या छपरावर जाऊन बसेल."