भागूबाईंच्या कमरेची गाठ

ज्या वर्षी केशवगिरी महाराज कासारखेड्यात राहिले, त्या वर्षीची ही हकिगत. नदीकाठच्या मारुतीच्या ओट्यावर महाराज बसत. येणाऱ्याचं दुखणं आधी ऐकत, देवाचं मग सांगत.

गावातल्या भागूबाईंच्या अंगावरून वारं गेलं होतं. जीव वाचला, पण डावा पाय लटपटत राहिला. एकदा मोरीत पडल्या, तेव्हा वैद्यांनी बजावलं, "पुन्हा पडल्या तर खाटेवरून उठायच्या नाहीत." धाकटी सून ठकू रडतच महाराजांकडे गेली.

महाराज म्हणाले, "पोरी, पुढून हात ओढू नकोस. जुनेर लुगड्याची घडी करून सासूच्या कमरेला बांध, गाठ पाठीशी येऊ दे. लटपटत्या पायाच्या बाजूला, अर्धं पाऊल मागं राहा. एक हात गाठीला. आणि त्या चालतील तसं तू चाल."

ठकूनं तो शब्द देवाचा मानला. रोज सकाळी ती सासूला खाटेच्या कडेला बसवी, भोवळ जाईतो थांबे, वाटेतलं घोंगडं बाजूला सारी, आणि मग दोघी हळूहळू अंगणात फेरी घालत.

हे थोरल्या सुनेला, सरजाबाईला, बघवेना. अठरा वर्षं ती या घरात राबली होती. दुखण्यात सासूला घास तिनंच भरवला होता. आणि आता आत्याबाईंच्या तोंडी उठताबसता एकच नाव, "ठकू!" प्रत्येक हाकेसरशी तिच्या काळजाला डाग बसे.

"सासूला दावं बांधलंस की गं धाकटे! बाजाराला नेतेस काय?" ती शेजारणींना ऐकू जाईल असं म्हणायची.

"महाराजांनी सांगितलंय, जाऊबाई."

"महाराजांनी कधी सासूचं केलंय?"

ठकू खाली मान घालून गाठ आवळायची.

एका सोमवारी भागूबाईंनी मनात घेतलं, आपल्या पायांनी जाऊन महाराजांच्या पाया पडायचं. सरजाबाई लगेच पुढे आली. "आज मी नेणार. थोरली मी आहे." तिनं जुनेर सोडलं नि कोपऱ्यात टाकलं.

"जाऊबाई, तेवढी गाठ..."

"चारचौघांत दावं लावून नेऊ?"

"राहू दे की गं सरजे," भागूबाई हळूच म्हणाल्या.

"का? माझ्या हाताला काटे आहेत?"

सरजाबाई सासूचे दोन्ही हात धरून पुढून ओढत निघाली. "बघा, आमच्या आत्याबाई!" असं वाटेत लोकांना सांगत होती. ठकू नैवेद्याचं ताट घेऊन मागे राहिली. ओटा वीस पावलांवर आला आणि भागूबाईंचा डावा पाय दगडाला अडला. घामानं हात निसटले. म्हातारी मागे कलली! खाली नुसता खडक!

"महाराज!" ठकूनं टाहो फोडला.

आणि काय नवल! कललेल्या भागूबाई अधांतरी थांबल्या. मग कुणी सावकाश टेकवावं तशा अलगद खाली बसल्या. अंगाला साधं खरचटलंसुद्धा नाही.

"ठकू, तू धरलंस ना गं? पाठीशी गाठ धरली कुणीतरी."

ठकू तर दहा हात मागे होती. आणि गाठ? कमरेला जुनेरच नव्हतं!

सरजाबाईनं ओट्याकडे पाहिलं. महाराज बसल्या जागेवरून हलले नव्हते. फक्त उजवा तळवा चोळीत होते. जवळ जाऊन पाहते तो तळव्यावर जाड्याभरड्या कापडाचा लाल वळ, ताजा!

ती तिथंच खाली बसली. "महाराज, मी जळत होते हो! ती म्हातारीला माझ्यापासून तोडतेय असं वाटायचं. आज मीच मारलं असतं त्यांना!"

महाराज म्हणाले, "सहा महिने घास भरवलास, तो मारुतीनं पाहिलाय, बाळ. कुणी तुझं काही नेलेलं नाही. ऊठ, त्या अजून तिथंच बसल्यात."

ठकूनं आपलं लुगड्यावरचं पांघरूण काढून घडी केली आणि जावेच्या हाती दिलं. सरजाबाईनं ते सासूच्या कमरेला बांधलं. दोघींनी मिळून म्हातारीला उठवलं. चार पावलं गेल्यावर भागूबाई थांबल्या.

"सरजे, जरा मागं राहा. अजून पुढं पुढं करतेस!"

ओट्यावरची माणसं हसली, महाराजही हसले. सरजाबाईला हसू आलं नि रडूही. ती अर्धं पाऊल मागे सरली. राहिलेली वाट सासूच्या चालीनं चालली, आणि ओट्याशी पोचल्यावर, सासू नीट टेकून बसली हे पाहून, मगच महाराजांच्या पायांवर तिनं डोकं ठेवलं.