थकूबाईची शिट्टी

पाय आत घ्या आधी पांघरुणात. कौस्तुभ, चुळबुळ बंद! हं. तर काय झालं एकदा, तुमचे आजोबा फौजेत लडाखला होते ना, तिथली गोष्ट.

तिथे बर्फाच्या डोंगरात मार्मोट राहतात. दिसायला खारीची थोरली बहीण, पण मांजरापेक्षा गुबगुबीत. सगळं घराणं एकाच बिळात. उन्हाळाभर गवत खायचं, लठ्ठ व्हायचं. मग थंडी आली की आत जायचं, दार माती-दगडांनी लिंपायचं आणि एकमेकांना चिकटून सहा महिने झोपायचं. आवडलं ना शाल्मली? आळशी कुठली! आणि त्यांची एक रीत होती. दारात भेटलं की नाकाला नाक लावायचं. मगच आत.

अशाच एका बिळात होती म्हातारी थकूबाई. बाकीचे चरायचे, ही खडकावर उभी राहून राखण करायची. काही दिसलं की शिट्टी! सगळे बिळात धूम ठोकायचे, ही सगळ्यांच्या शेवटी. आता सांगा, राखण करणारी खाणार कधी? झाली वाळून काडी.

हिवाळा तोंडावर आला. थकूबाईची सून ढबी, नावासारखीच हो, म्हणाली, "सासूबाई, तुमची हाडं टोचतात. यंदा वरच्या रिकाम्या बिळात झोपा."

मेलीला एवढंही कळू नये? एकटं झोपलं तर गारठून मरायचं ना! पण थकूबाई उठली. गेली निमूट.

मग ढबी दार लिंपायच्या तयारीला लागली. पहिल्यांदा वाळलं गवत आणायला बाहेर आली, तर वरून गरुड! शिट्टी वाजली, ढबी आत. दुसऱ्यांदा माती ओढायला आली, तर कोल्हा! शिट्टी वाजली, ढबी आत. मग बर्फ पडायला लागलं. ढबीची लेक ठेंगी तेवढी बाहेर राहिली होती, आणि खडकाआडून आला बिबट्या! पुन्हा शिट्टी. ठेंगी धापा टाकत आत आली. बिबट्या निघून गेला. ढबीने दार लिंपून टाकलं.

पण ठेंगी झोपेचना.

"आजीचं नाक लागलं नाही," म्हणाली.

"आजी तिच्या बिळात झोपली."

"मग शिट्टी कुणी वाजवली?"

ढबी ताडकन उठून बसली. म्हणजे म्हातारी तीनदा थंडीत बाहेर आली होती, आपल्यासाठी! फार लाज वाटली बरं का तिला. लिंपलेलं दार तिने स्वतः उकरलं आणि बर्फातून वर गेली. थकूबाई कोपऱ्यात कुडकुडत होती. ढबीने नाकाला नाक लावलं.

"चला सासूबाई. चुकलं माझं."

थकूबाईला मधोमध झोपवलं. सगळे भोवती. दार पुन्हा लिंपलं.

सहा महिन्यांनी बर्फ वितळलं. सगळे बाहेर आले, तर काय! उपाशी झोपून सगळेच वाळलेले. ढबीची तर हाडंन् हाडं मोजून घ्या! थकूबाई पोट धरधरून हसली. मग निघाली खडकाकडे, तर ढबी आधीच वर चढून बसलेली.

"तुम्ही चरा सासूबाई. आज राखण माझी."

तेव्हापासून तिथे सगळे पाळीपाळीने राखण करतात आणि पोटभर खातात.

झाली गोष्ट. लावा नाकाला नाक. आणि सरका जरा, मला मध्ये घ्या. टोचली हाडं तर टोचू देत. झोपा आता.