लाखीचा खूर

"जखम तर भरलीय, बाबा. मग लाखी पाय का टेकत नाही?"

विचारता विचारताच रंगरावानं घोडीला कडुलिंबाला बांधलं. तोच कडुलिंब, तोच दगडी हौद. भिजवलेल्या हरभऱ्याचा वास आला आणि त्याला भरून आलं. एके काळी गावचे सगळे टांगे इथं रांगेनं उभे असत, आणि दस्तगीर फकिराच्या, म्हणजे याच बाबांच्या, हाताखाली घोड्यांचं औषधपाणी शिकणारा रंगा दिवसभर नुसता पळत असे. काय दिवस होते ते!

मग एकदा चारचौघांत बाबा त्याला काहीतरी बोलले. रंगा उठला तो गेलाच. पुढं घोड्यांचा वैद्य म्हणून चांगला नावाजलाही. आज कैक वर्षांनी आला होता तो लाखीपायी. टांगा गेला, बायको गेली, घरात एवढी घोडीच उरली होती.

"मागचं काही मनात नाही हं माझ्या," आल्या आल्या त्यानं सांगून टाकलं होतं.

बाबा नुसतं "बरं" म्हणाले होते.

"काय शिरलं होतं खुरात?" बाबांनी आता विचारलं.

"खिळा. मीच उपटला. हळद-तूप भरलं, पट्टी बांधली. बघा, वणसुद्धा राहिला नाही. माझ्या हातानं भरलेली जखम शोधून सापडायची नाही."

बाबांनी जखमेकडं पाहिलंच नाही. खुरावर तळहात ठेवला... बराच वेळ. मग रंगरावाचा हात धरून तिथंच टेकवला.

खूर तव्यासारखा तापला होता. रंगरावाचं तोंड उतरलं. असा पाय सडला की घोडी हातची जाते, हे त्याला इथंच शिकवलं होतं.

"उघड," बाबा म्हणाले.

"भरलेली जखम?"

"वरून भरलेली. माझे हात थरथरतात आता. तूच उघड."

त्यानं सुरी घेतली खरी, पण हात पुढं होईना. लाखी मान वळवून त्याच्याकडंच बघत होती.

"दुखेल तिला, बाबा."

"आता दुखत नाही होय?"

रंगरावानं डोळे पुसले आणि सुरी चालवली. काळा, कुबट पू भळाभळा वाहिला. लाखीनं लांब श्वास सोडला. थोड्या वेळानं तिनं पाय हळूच भुईला टेकवला.

सवयीनं त्यानं पट्टी उचलली. बाबांनी ती काढून घेतली.

"वाहू दे अजून."

दोघं ओट्यावर बसले. बाबांनी पूर्वीसारखाच आपल्यातला निम्मा चहा बशीत ओतला आणि त्याच्यापुढं सरकवला.

"आता तुझं सांग, रंगा. त्या दिवशी माझा शब्द कुठं लागला होता?"