कुऱ्हाडीची बडदास्त

फार पूर्वी समुद्राकाठच्या धुक्यात रेडवूड वृक्षांचं रान होतं. तिथला सगळ्यात उंच वृक्ष एका कुऱ्हाडीने आडवा केला. लाकूडतोड्या तिला बुंध्यात रोवून बैल आणायला गेला, तो धुक्यात वाट चुकला आणि परतलाच नाही.

पुढे बुंध्याभोवती कोंब फुटले.

"कोण रे तुम्ही?" कुऱ्हाडीने दरडावलं.

"तू तोडलीस त्या आईचीच पोरं," कोंब मायेने म्हणाले. "तू पाहुणी. तहानली असशील, पाणी घे."

रोज सकाळी ते पानांत धुकं गोळा करून तिच्या पात्यावर थेंब थेंब सोडत. आई तोडली तरी पोरं बडदास्त ठेवतात, म्हणून कुऱ्हाड मनात हसायची.

आता तिथे उंच झाडांचं रिंगण आहे. मधोमध फक्त गंजाचा एक तांबूस डाग उरलाय. पाहुणा आत शिरून मान वर करतो, तेव्हा त्याच्या कपाळावर गार थेंब पडतो आणि कुणीतरी हळूच विचारतं, "तहान लागली असेल ना?"